वाळत घातलेला सिनेमा

धाकट्या भावाने फोनवर सांगितलं होतं, "ताई, घरात आता काही न्हाई राहिलं. उगं कशाला हेलपाटा घालतीस?" तरी मी आले. शिरूरचं घर विकलं गेलं आहे. नवे मालक ते पाडून सिमेंटचं बांधणार आहेत. पाडायच्या आधी एकदा त्या माळवदावर उभं राहायचं, एवढाच माझा हट्ट होता. मातीचं सपाट छत ते, आता मधोमध खचलंय. मी कडेकडेने चालले, नदीकडे पाहिलं, आणि खाली उतरताना जिन्यातल्या देवळीत, भिंतीतल्या कोनाड्यात, सवयीने हात घातला. बिस्किटांचा जुना डबा हाताला लागला. उघडला तर आत लाकडी चिमटे, कपडे वाळत घालायचे. स्प्रिंगा गंजून लाकडावर तांबडे डाग पडले होते. एक चिमटा बोटाला लावून पाहिला. अजून चावतो.

हे चिमटे जर्मनीहून आले होते. त्यांनी जन्मात कधी कपडे धरले नाहीत. आमच्या माळवदावरच्या दोरीला त्यांनी एक सिनेमा धरून ठेवला होता, कितीतरी हिवाळे. मी पायरीवरच बसले. धूळ इतकी होती की साडीचं वाटोळं झालं, पण उठवेना.

आमची गल्ली शिरूर कासारच्या नदीकडच्या टोकाला. सिंदफणेला पाणी असो नसो, तिकडून वाळूचा आणि वाळल्या शेणाचा वास यायचाच. गल्लीत सगळी ऊसतोडीला जाणारी घरं. आमचं तेवढं लिंगायत वाण्याचं, पुढे दुकान आणि मागे घर. माझे वडील, आप्पा, पहाटे इष्टलिंगाची पूजा करून कपाळाला विभूती लावून गल्ल्यावर बसत, आणि दिवसभर गूळ, हिंग, रॉकेल अशा वासांत राहत. दिवाळीच्या पणत्या विझल्या की गल्लीत एकच घाई उडे. चाकांना वंगण, बैलांना नवी वेसण, दुकानात तेल-मिठाला झुंबड. मग एका सकाळी गाड्या जुंपत. गाडीत चूल, हंडे, पाल ठोकायचे बांबू, कोंबड्यांचं डालगं, आणि या सगळ्याच्या वर पोरं. कुणी जवळच कड्याच्या कारखान्याला जाई, बहुतेक लोक पार पश्चिमेला, सांगली-कोल्हापूरकडे. आमच्याकडे त्याला नुसतं 'वर गेले' म्हणत. त्या शब्दाने मला लहानपणीही कसंतरी व्हायचं.

जाताना प्रत्येक घरची बाई आमच्या दाराशी येई आणि किल्ली मायच्या हातात देई. मायला वाचता येत नव्हतं, म्हणून प्रत्येक किल्लीला तिने त्या त्या बाईच्या लुगड्याची चिंधी बांधलेली होती. स्वयंपाकघराच्या दारामागे खिळ्यांची ओळ होती, तिथे त्या लटकत. दार हललं की सगळ्या किणकिणायच्या. गल्लीत माणूस नसे, गिरणी बंद, कुत्री सुद्धा गाड्यांमागे निघून गेलेली, आणि घरात हा आवाज. उन्हाळ्यात बायका परत येऊन आपापली किल्ली घेऊन जात आणि दार मुकं होई. मला हिवाळा आवडायचा की उन्हाळा, हे आजही सांगता येणार नाही.

आणि रोज सकाळी माय सडा टाकायची. आमच्या दारात नव्हे, सगळ्या गल्लीत. शेणाची बादली घेऊन एकेका बंद दारापुढे जाई, सडा शिंपडी, चिमटीने दोन रेघांची रांगोळी ओढी आणि पुढच्या दाराकडे सरके. आप्पा कुरकुरत. "रिकाम्या घराला कशाला सडा? कोण बगनार हाय?" माय म्हणे, "घर बगतंय की. दारात सडा न्हाई पडला तर घराला वाटतंय, आपलं मानूस मेलं." संक्रांतीला तर ती हळदी-कुंकवाचं ताट घेऊन निघे आणि बंद उंबऱ्यांना बोटं लावून प्रत्येकावर तिळगुळाचा खडा ठेवी. दुपारपर्यंत मुंग्या लागत. मायला त्याचंही समाधान असायचं.

समोरचं घर मंदाचं. मंदा म्हणजे मायची जिवाभावाची. मायपेक्षा बरीच लहान, पण दोघींचं हसणं एका वेळी सुरू होई आणि आप्पा गल्ल्यावरून खाकरेपर्यंत थांबत नसे. तिच्या अंगाला मिश्रीचा आणि भाजल्या शेंगांचा वास. ती किल्ली द्यायला सगळ्यांत शेवटी यायची, गाडी पुढे गेल्यावर. "वयनी, घराकडं बगा. उंदरं लई झालेत," एवढं म्हणायची आणि पळत गाडी गाठायची. तिच्या किल्लीला हिरवी चिंधी होती.

अशाच एका सकाळी रेनाताई आल्या.

मी तेव्हा आठवीत होते. बीडच्या कॉलेजात शिकवणारे आप्पांच्या ओळखीचे एक सर त्यांना घेऊन एसटीतून उतरले. उंच, हाडकुळी, भुरे केस कापलेले, पायात पुरुषी बूट, हातात टाइपरायटरची पेटी. नाव रेनाटे. मायने त्याच दिवशी त्याचं रेना केलं आणि आम्ही रेनाताई. सर म्हणाले, बाई जर्मनीत सिनेमा लिहितात, बक्षीस मिळालेलं आहे, ऊसतोडीच्या मुलखावर लिहायचंय, एक-दोन महिने राहतील. आमच्याकडेच का, तर माळवदावर एक खोली होती आणि अंगणात संडास होता. गल्लीत दुसरा नव्हता.

आप्पांना नवल वाटलं. "सिनेमा लिवत्यात? सिनेमा तर काढत्यात." आम्ही सिनेमा पाहिलेला जत्रेतल्या तंबूत, पडद्याच्या उलट्या बाजूने बसून. तो आधी कुणीतरी कुठेतरी बसून लिहिलेला असतो, ही गोष्ट आमच्या गल्लीत कुणाच्या स्वप्नातही नव्हती.

रेनाताई दारात उभ्या असतानाच मंदा आली. पाहुणी बघून लाजली, मायच्या हातात किल्ली कोंबली, उंदरांचं सांगितलं, आणि पदर खोचून धुरळ्यात पळाली. रेनाताईंनी वळून पाहिलं. गाडी वळणावर गेली होती. मंदाचा हात गाडीच्या साटीला लागला आणि कुणीतरी तिला वर ओढून घेतलं. रेनाताईंना मंदा दिसली ती एवढीच. त्यांच्या सिनेमाचं ते पहिलं दृश्य झालं.

त्यांची लिहायची तऱ्हा न्यारी होती. पिवळसर जाड कागदाचे तुकडे, एका तुकड्यावर एक प्रसंग. खाली जर्मन मजकूर आणि वर चित्र, कारण त्यांना मायला दाखवायचं असे आणि आमची भाषा त्यांना येत नव्हती. ते तुकडे त्या माळवदावरच्या दोरीला चिमट्यांनी ओळीने लावत आणि लांब, खोलीच्या भिंतीला टेकून सिगारेट ओढत बघत बसत. मग उठून इकडचा तिकडे, तिकडचा इकडे.

माय पहिल्यांदा धुणं घेऊन वर गेली तेव्हा थबकली. "बाई, कागदं कावून वाळत घातली? वली झाली का?"

मी माझ्या शाळकरी इंग्रजीत विचारलं. रेनाताई हसल्या. म्हणाल्या, सिनेमा असाच असतो, ओला. वाळेपर्यंत जागा बदलता येतात.

संध्याकाळी वारा सुटला की माय धुण्याबरोबर तेही काढून आणायची, घडी न घालता फडताळात ठेवायची आणि सकाळी पुन्हा लावून द्यायची. पण लावायची आपल्या क्रमाने. मंदाची गाडी निघते तो कागद पहिला असायचा. माय तो सगळ्यांत शेवटी लावायची. रेनाताई तो पुढे आणत, दुसऱ्या दिवशी तो पुन्हा शेवटी. बरेच दिवस हे चाललं. अखेर रेनाताईंनी मला पुढे घालून विचारलंच. हा कागद जाण्याचा आहे, मग शेवटी का?

माय कागदाकडे बघत म्हणाली, "जायची कशावरून? ही येती हाय."

रेनाताईंनी बोट ठेवून दाखवलं. चूल, हंडे, बांबू, डालगं. भरलेली गाडी आहे.

"येताना बी तेवढंच असतंय," माय म्हणाली. "काय जास्ती आनत्यात बिचारी?"

रेनाताई मानल्या नाहीत. ही गोष्ट सुरू कुठून होणार, असं म्हणून त्यांनी कागद पुन्हा पुढे लावला. माय खांदे उडवून खाली गेली. दुसऱ्या दिवशी तो पुन्हा शेवटी होता.

रेनाताई जर्मनीला परत गेल्या. त्या उन्हाळ्यात मंदा आली नाही.

गाड्या आल्या, गल्ली भरली, भाकरीच्या धुराने डोळे चुरचुरायला लागले, एकेक किल्ली खिळ्यावरून उतरली. मंदाचा नवरा किसन दुसऱ्याच्या गाडीत बसून आला. मायने विचारलं, "मंदा कुठं हाय रं?" तो म्हणाला, "तिकडंच ऱ्हायली." बस. टोळीतल्या बायकांना विचारलं तर त्या खाली बघून भाकरी थापत राहिल्या. एक म्हणाली, सांजच्याला पाण्याला गेलती. दुसरीने तिला डोळ्याने दटावलं. किसन आमच्या दारात आला, दारामागच्या खिळ्याकडे पाहिलं, हिरव्या चिंधीकडे पाहिलं, आणि किल्ली न मागता निघून गेला. काही दिवस मारुतीच्या देवळात झोपला आणि मग तोही दिसेनासा झाला. का, कसं, कुणी काय केलं, हे मला माहीत नाही. आमच्या गल्लीत अशा गोष्टींचा शेवट कुणी विचारत नसे, आणि विचारणारी एकटी माय होती.

पुढच्या दिवाळीनंतर रेनाताई आल्या आणि पेटी खाली ठेवायच्या आधी त्यांनी मायच्या मागचं दार बघितलं. किल्ल्या आपापल्या जागी लागल्या होत्या. समोरच्या दाराला कुलूप, दारात सडा. त्यांनी तोडक्या मराठीत विचारलं, "मंदा कुठं हाय?" मायने फक्त मान हलवली. मग त्यांचा हात धरून त्यांना खाली बसवलं आणि म्हणाली, "रेना, तुझ्या सिनेमात तिला आण. सिनेमा लई लांब जातोय म्हनं. कुठं तरी असंल की ती. बगंल. तिला कळंल, किल्ली हितंच हाय."

हे इंग्रजीत सांगताना मला हुंदका आला. मायला नाही आला. तिने अगदी व्यवहाराचं सांगितलं होतं.

तेव्हापासून रेनाताईंची कारकीर्द ही आमच्या घरची गोष्ट झाली. लोकांच्या घरी भावाच्या नोकरीची चौकशी होते तशी आमच्याकडे जर्मनीतल्या निर्मात्यांची होई. पहिल्या वर्षी निर्माता खूष होता. नंतर तो म्हणाला, फार संथ आहे. मग त्याची कंपनी बसली. दुसऱ्याने दोन वर्षं कागद ठेवून घेतले. दरवर्षी हुरड्याच्या दिवसांत रेनाताई यायच्या आणि गल्ली भरायच्या आत परत जायच्या, कारण वसंतात तिकडे त्यांना कामं असत. त्यांनी आमचं गाव कायम रिकामं पाहिलं. माणसं त्यांना कुलपांवरून माहीत होती. हे अलीगढी कुलूप पारूबाईचं, हे दोरीने बांधलेलं दार गुलाबमावशीचं. त्या कुलपांवरून त्यांनी सगळी माणसं लिहिली. मराठी मात्र झकास शिकल्या, आमच्याच वळणाची. "आप्पा, मला लई भूक हाय" असं त्या म्हणाल्या की दुकानात आलेला पाहुणा आ वासून बघायचा.

पोटासाठी त्या टीव्हीची मालिका लिहीत. जर्मनीतल्या कुठल्याशा बंदराच्या गावात एक म्हातारा पोलीस अधिकारी दर आठवड्याला एक खून शोधून काढी. आप्पांना त्यात फार रस. ज्वारी निवडता निवडता विचारत, "रेनाबाई, या हप्त्याला कुनाला मारलं?" रेनाताई सांगत, बोटीवरच्या स्वयंपाक्याला. "कशानं?" तिथून मग चर्चा. मायला हे अजिबात खपत नसे. कपाळावर हात मारून म्हणे, "पोटासाठी मान्सं मारावी लागत्यात व्हय गं तुला!" रेनाताई खळखळून हसत.

त्यांची खोली अजून आहे वर. भिंतीवर जिथे त्या टेकून बसत तिथे डोक्याच्या उंचीला तेलकट डाग होता. आज शोधला. भिंतीचा पोपडाच गेलाय, डाग कुठून राहणार. तिथे बसलं की अजून माळवदावर रचून ठेवायच्या त्या करडईच्या वाळक्या काडांचा वास येतो असं मला वाटलं, पण करडई आता कुणी लावतच नाही. माझ्या नाकाचेच खेळ असणार. मी त्या खोलीत उभी राहून मोठ्याने रडले, आणि मला बरं वाटलं नाही.

दिवस पालटले. माझं लग्न झालं, मी बीडला गेले. आप्पा गेले. आमच्या रिवाजाप्रमाणे त्यांना बसवून मूठमाती दिली, तेव्हा रेनाताई जर्मनीत होत्या. फोनवर म्हणाल्या, "आता कोन विचारंल, कुनाला मारलं?" त्या वर्षी मालिकेतून त्यांना काढलं होतं. तिथे आता तरुण लेखकांचा घोळका एका खोलीत बसून लिहितो, आणि यांना कधीमधी संवाद घासूनपुसून द्यायला बोलावतात, असं त्यांनी सांगितलं. टाइपरायटर जाऊन लॅपटॉप आला, केस पांढरे झाले, जिना चढताना धाप लागू लागली. पण माळवदावर दोरी बांधायच्याच. तेच कागद, कडा दुमडलेले, चित्रं पुसट झालेली. माय धुण्याबरोबर ते काढायची आणि सकाळी लावायची. गाडीचा कागद शेवटी.

दोघींचं भांडणही जुनं होऊन गेलं होतं. रेनाताई वैतागून म्हणत, "तिकडचे लोक म्हनत्यात, बाई परत आली पायजे, न्हाई तर लोकं बगनार न्हाईत. तू बी तेच म्हनती. मी एकटीच न्हाई म्हनती."

"मग एकटीच हट्टाला कावून पेटलीस?"

"खोटं व्हईल, माय."

माय पदराने चष्मा पुसत म्हणे, "सिनेमाच हाय की गं. त्यात तरी येऊ दे."

शेवटी सिनेमा झाला. टीव्हीवरचा, दीड तासाचा. रेनाताईंनी फोनवर सांगितलं तेव्हा आवाजात आनंद नव्हता. मी मात्र खुळ्यासारखे पेढे वाटले. माय तोवर फार थकली होती. डोळ्यांत मोतीबिंदू, हात थरथरता, सडा एवढाच राहिलेला, समोरच्या दारापुरता. बाकीच्या गल्लीने किल्ल्या द्यायचं केव्हाच सोडलं होतं. आता ट्रक येतात, किल्ल्या लोक कमरेला बांधून नेतात. दारामागे एकच किल्ली होती. एकटी किल्ली वाजत नाही.

रेनाताई सिनेमा दाखवायला म्हणून पहिल्यांदाच उन्हाळ्यात आल्या. अक्षय्य तृतीया झाली होती. गल्लीत लग्नाचे मांडव, पोरांचा कालवा, खाटा, शेळ्या, टेपवर गाणी. आम्ही रिक्षातून उतरलो आणि त्या जागच्या जागी उभ्या राहिल्या. बायका भोवती जमल्या. रेनाताई एकेकीच्या तोंडाकडे पाहत होत्या. माझ्या कानाशी येऊन म्हणाल्या, "हे कोन लोक हाईत?" मी सांगत गेले, ही पारूबाई, ही गुलाबमावशी. पारूबाईचा हात हातात घेऊन त्या बराच वेळ बघत राहिल्या. इतकी वर्षं त्यांनी जी पारूबाई लिहिली होती ती उंच होती, म्हणे.

भरदुपारी दार लावून, खिडकीला घोंगडी अडकवून आम्ही स्वयंपाकघरात बसलो. लॅपटॉप पाटावर ठेवला. माय अगदी पुढे, पडद्याला नाक लागेल इतकी. बाहेर मांडवातला बँड वाजत होता.

पडद्यावर एक गाव आलं. पांढरं. घरांवर उतरती छपरं, बंद दारं. माय म्हणाली, "हे पांढरं काय हाय?"

"बर्फ," रेनाताई म्हणाल्या.

त्यांनी सांगितलं ते असं. आमच्या गावाचा सिनेमा तिकडे कुणीही करेना. तिथल्या लोकांना खालची भाषांतराची पाटी वाचत सिनेमा बघायचा कंटाळा. मग टीव्हीवाली एक बाई म्हणाली, गोष्ट चांगली आहे, इकडे आणा. जर्मनीच्या पूर्व भागात अशी गावं आहेत, तरुण माणसं कामाला निघून गेलेली, दारांना कुलपं. आप्पा असते तर म्हणाले असते, कुठं बी जा, पळसाला पानं तीनच. रेनाताई थकल्या होत्या, कामं नव्हती, वय निघून चाललं होतं. त्यांनी हो म्हटलं. एकदा हो म्हटल्यावर पुढचंही सगळं हो.

पडद्यावरच्या बाईच्या स्वयंपाकघरात दारामागे खिळे होते. किल्ल्यांना चिंध्या होत्या. ती रोज सकाळी खराटा घेऊन बंद दारांपुढचा बर्फ झाडायची. तिचा नवरा काहीतरी कुरकुरला, तिने मागे न बघता उत्तर दिलं, आणि रेनाताई हळूच म्हणाल्या, "हे तुझं वाक्य हाय, माय. घर बगतंय की." माय त्या गोऱ्या बाईच्या तोंडाकडे बघत होती. माझ्या आईचं बोलणं, तिची मान, तिचं दारामागे वळून बघणं, सगळं तिथे होतं, आणि ती नव्हती.

शेवटी एक बस आली. रिकाम्या रस्त्यावर थांबली. एक तरुण बाई पिशवी घेऊन उतरली, इकडेतिकडे पाहत आली, आणि किल्लीवाल्या बाईच्या दारात उभी राहिली. म्हातारीने खिळ्यावरून किल्ली काढून तिच्या हातात ठेवली. किल्लीची चिंधी हिरवी होती. संगीत वाजायला लागलं. मायने इतकी वर्षं मागितलेला शेवट समोर होता, तंतोतंत.

पडद्यावर नावं वर सरकत होती. मग मायने बोट पडद्याला लावलं, जिथे ती तरुण बाई होती तिथे, आणि म्हणाली, "ही न्हाई."

"माय..." रेनाताई म्हणाल्या.

"ही मंदा न्हाई. ही दुसरी हाय." आणि मग, अगदी लहान पोरासारखं, "मग आपली कुठं हाय?"

रेनाताईंनी दोन्ही हातांनी तोंड झाकून घेतलं. इतकी वर्षं मी त्यांना पाहत होते, बक्षिसाच्या, नकाराच्या, कुणाकुणाच्या मरणाच्या गोष्टी सांगताना. अशा मोडलेल्या कधी पाहिल्या नव्हत्या. बाहेर बँडवाल्यांनी नवं गाणं धरलं. मायने उठून घोंगडी काढली, उजेड आत आला, आणि तिने चहाचं आधण ठेवलं. पाहुणीला चहा तर द्यायला हवा होता.

जाताना रेनाताईंनी दोरी सोडली, पण चिमटे नेले नाहीत. कागद मायच्या हवाली केले. मायने ते फडताळात ठेवले आणि पुढच्या पावसाळ्यात वाळवी लागली. रेनाताई परत आल्या नाहीत. त्यानंतर त्यांनी काही लिहिलंही नाही. फोनवर म्हणायच्या, "आता काय दिसत न्हाई डोळ्यापुढं." मायच्या जाण्याचं मी त्यांना सांगितलं तेव्हा त्यांनी एवढंच विचारलं, "समोर सडा कोन घालतंय?" मी म्हटलं, कुणी नाही.

मागच्या महिन्यात त्यांच्या भाच्याने कळवलं, मावशी गेली. सोबत तिकडच्या वर्तमानपत्रातलं कात्रण. मी ते मोबाइलवर मराठीत करून वाचलं. पोलीस अधिकाऱ्याच्या मालिकेबद्दल बराच मजकूर होता. सुरुवातीच्या बक्षिसाचा उल्लेख होता. उशिरा आलेल्या एका हळव्या टीव्ही-चित्रपटाला अर्धी ओळ. शिरूर कासारचं नाव कुठेच नव्हतं, ते असायचं काही कारणही नव्हतं. मी कात्रण पुन्हा पुन्हा वाचलं. एक माणूस जन्मभर एकच गोष्ट सांगायला धडपडलं आणि ती सांगायची राहून गेली, हे वर्तमानपत्रात कुठल्या रकान्यात छापतात, मला माहीत नाही.

ऊन कलायला लागलं तशी मी उठले. चिमट्यांचा डबा पिशवीत टाकला. स्वयंपाकघराचं दार ओढलं, तर मागच्या खिळ्यावर ती होतीच. चिंधीचा हिरवा रंग पार उडालाय, धाग्याला हात लावला की गळतो. नवे मालक घर पाडतील तेव्हा दारही जाईल, खिळाही जाईल. मी किल्ली काढून घेतली. मायच्या हयातीत हे धाडस मला झालं नसतं.

बाहेर आले. दिवाळी होऊन गेलेली, गल्ली रिकामी. समोर मंदाच्या घराचं छत बसलंय, आतून बाभळीचं झाड वर आलंय, पण दार उभं आहे आणि कुलूपही आहे. किल्ली लावून पाहावी असं मनात आलं. लावली नाही. ते उघडलं असतं तरी आत मला काय दिसणार होतं?

आमच्या घराला कुलूप घातलं आणि भावाला फोन केला. "झालं बघ. किल्लीचं काय करू? नवे मालक उद्या यायचेत."

"शेजारी ठेव की कुनाकडं तरी," तो म्हणाला. "त्ये घेतील तिथून."

मी बरं म्हणून फोन ठेवला. पारूबाईच्या दाराला कुलूप होतं. गुलाबमावशीच्या दाराला कुलूप होतं. मी गल्लीच्या टोकापर्यंत चालत गेले आणि परत आले. दोन किल्ल्या हातात घेऊन आमच्याच दारात उभी राहिले, त्या बायका उभ्या राहायच्या तशी, आणि हात पुढे करून घ्यायला आत कुणी नव्हतं.